ओरडली तर कोणी येईल का? मुंबईतल्या एका स्लॅशरपटाचं प्रकरण

पश्चिम उपनगरातलं एक कॉलेज. दिवाळीची सुट्टी. २८ लाखांत मराठी स्लॅशरपट करायला निघालेली तरुण मंडळी, बहुतेक सगळी एकांकिकांच्या तालमीत वाढलेली. ट्रस्टने १२ रात्री दिल्या आहेत: संध्याकाळी सातला आत यायचं, सकाळी सहाला सगळं आवरून बाहेर, कारण दिवसा ऑफिस चालू असतं. आणि दुसऱ्याच रात्री गेटवर पोलिसांची गाडी उभी राहते.

चित्रपट-निर्मिती शिकणाऱ्या मुलांपुढे चर्चेसाठी मी हे प्रकरण ठेवतो. एकाच युनिटच्या वाट्याला हे सगळं आलेलं नाही. छोट्या चित्रपटांच्या सेटवर जे घडतं ते एकत्र करून प्रकरण बेतलेलं आहे. म्हणून कॉलेजला नाव नाही, माणसांना नाव नाही, आणि युनिटचे आकडे चर्चेपुरते धरायचे. नियम-कायदे आणि जुन्या चित्रपटांची माहिती मात्र खरी आहे.

संहिता आली कुठून

दिग्दर्शक अमेरिकन स्लॅशरपट बघत मोठा झालेला. त्या चित्रपटांचा साचा सगळ्यांना पाठ आहे: बंद जागा, तरुण पोरं, चेहरा न दिसणारा खुनी, एकेक जण कमी होत जातो आणि शेवटी एक मुलगी उरते. या उरलेल्या मुलीला कॅरल क्लोव्हर या अभ्यासक बाईंनी १९८७ मध्ये ‘फायनल गर्ल’ असं नाव दिलं, तेव्हापासून ते चिकटलं.

हा प्रकार छोट्या निर्मात्यांचा लाडका का, हे समजायला १९७८ चा ‘हॅलोवीन’ पुरेसा आहे. खर्च जेमतेम सव्वातीन लाख डॉलर, चित्रीकरण साधारण २० दिवसांचं. खुन्याचा मुखवटा म्हणजे बाजारात मिळणारा, ‘स्टार ट्रेक’मधल्या कॅप्टन कर्कचा दोनेक डॉलरचा मुखवटा, पांढरा रंगवलेला. पडद्यावर रक्त जवळजवळ नाहीच. पण आपल्या दिग्दर्शकाच्या डोक्यात होते ते कॉलेजच्या आवारातले चित्रपट. १९७४ चा कॅनडातला ‘ब्लॅक ख्रिसमस’ घ्या: नाताळची सुट्टी लागते आहे, मुलींच्या वसतिगृहासारख्या घरातून एकेक जण गावी चाललाय, आणि माळ्यावर कोणीतरी आहे. किंवा १९८२ चा ‘द डॉर्म दॅट ड्रिप्ड ब्लड’. लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठात शिकणाऱ्या जेफ्री ओब्रो आणि स्टीफन कार्पेंटर या दोघांनी तो तिथल्याच आवारात काढला. त्यात नाताळच्या सुट्टीत काही मुलं एक वसतिगृह रिकामं करायला मागे राहतात.

या दोन्हींत सुट्टी गोष्टीच्या कामी येते. कॉलेज रिकामं आहे, म्हणून मुलं एकटी आहेत. शिवाय कुठल्याही गरीब निर्मात्याला जागा मिळते तीही सुट्टीतच. म्हणजे ज्या कारणाने लोकेशन मोकळं, त्याच कारणाने कथेतही शुकशुकाट. वेगळं काही सिद्ध करावं लागत नाही.

आपल्या मंडळींनी साचा उचलला, पण हा सांधा उचलला नाही. पहिल्या खर्ड्यात हॉस्टेल होतं, पार्टी होती, हिरवळीवरून धावत जाणारी मुलगी होती. मुंबईतल्या बहुतेक कॉलेजांना हॉस्टेल नसतं. हिरवळ तर सोडाच. पाच मजली इमारत, मधे चौक, मागे कँटीन, जिमखान्याची एक खोली, आणि कंपाउंडच्या भिंतीपलीकडे लगेच सोसायटी. पोरं लेक्चर संपलं की लोकल पकडतात. पवईच्या आयआयटीसारखं राहतं आवार या बजेटच्या आवाक्यात नव्हतं. मग हॉस्टेल खोडून तिथे ‘प्रोजेक्टसाठी सुट्टीत थांबलेली मुलं’ असं लिहिलं गेलं. कसला प्रोजेक्ट, रात्री का, परवानगी कोणाची, हे कोणी विचारलं नाही. वाचनाच्या वेळी सगळ्यांचं लक्ष खुनांवर होतं.

दुसरी रात्र

मागचा जिना, तिसरा मजला, रात्रीचे सव्वाबारा. नायिका धावत खाली येते, वळणावर मैत्रिणीचं प्रेत दिसतं, ती किंचाळते. जिन्याला सिमेंटची जाळी आहे. जाळीपलीकडे गल्ली, गल्लीपलीकडे सोसायटीची बी विंग. तीन टेक झाले. मुलगी नाटकातली, फेकीचा आवाज पोटातून. चौथ्याला स्लेट लागणार इतक्यात वॉचमनकाका धापा टाकत वर आले. “खाली या लवकर. पोलीस आलेत.”

दोघे बीट मार्शल होते, म्हणजे त्या भागात गस्त घालणारे पोलीस. ११२ वर लागोपाठ फोन गेले होते, बाई ओरडतेय म्हणून. प्रॉडक्शन कंट्रोलरने ट्रस्टचं पत्र आणि पोलीस ठाण्याचा शिक्का असलेली प्रत पुढे केली. मोठ्या हवालदारांनी दोन्ही कागद वाचले आणि घडी करून परत दिले. “कागद बरोबर आहे. ओरडणाऱ्या बाईंना बोलवा.”

ती खाली आली. अंगावर पांढरा कुर्ता, गळ्यापासून कमरेपर्यंत लाल. “मी बरी आहे, साहेब.” हवालदारांनी तिच्याकडे पाहिलं, मग कंट्रोलरकडे, आणि तिला चार पावलं बाजूला नेलं. युनिटला ऐकू जाणार नाही अशा बेताने विचारलं, “ताई, तुम्ही तुमच्या मर्जीने आहात ना इथे? घरी माहिती आहे?” ती हो म्हणाली. तरी त्यांनी तिच्या घरी फोन लावायला सांगितला आणि आईशी बोलणं होईपर्यंत थांबले. मगच म्हणाले, “शूटिंग करा. पण दहानंतर हा आवाज नको.”

नियमाने त्यांचं बरोबर होतं. ध्वनिप्रदूषणाचे २००० सालचे नियम रात्री १० ते सकाळी ६ हा काळ रात्र मानतात. शिवाय शाळा-कॉलेजं, रुग्णालयं, न्यायालयं यांच्याभोवतीचा १०० मीटरचा पट्टा शांतता क्षेत्र म्हणून जाहीर करता येतो. जी जागा शांत म्हणून आपण निवडतो, तिथे गोंगाट करायची मुभा सगळ्यात कमी असते. लाइन प्रोड्यूसरने हे रेकीला, म्हणजे जागा आधी पाहायला गेला तेव्हाच टिपायला हवं होतं. रेकीत त्याने वीज, पार्किंग आणि टॉयलेट पाहिलं. समोरच्या खिडक्या मोजल्या नाहीत.

काम पाऊण तास थांबलं. अशा बजेटात हे परवडत नाही, पण खरा दणका पुढेच होता. पहाटेच्या चहाला नायिका दिग्दर्शकाला म्हणाली, “सर, पोलीस दहा मिनिटांत आले. मग पिक्चरमध्ये मी इतकी ओरडते, तिथे का येत नाहीत?”

त्या क्षणी हातात १० रात्री, जवळपास निम्मा पैसा खर्चाला लागलेला, आणि संहितेतल्या पाचही खुनांना एकच भोक. प्रकरणाचा प्रश्न हा आहे. मुलांना मी इथे थांबवतो आणि विचारतो, आता काय कराल?

चार वाटा

पहिली सूचना नेहमी येते ती अशी: तिला ओरडूच देऊ नका. तोंड दाबा, मोबाइलला रेंज नाही असं दाखवा. रेंज नसण्याचा बहाणा आता प्रेक्षकच आधी सांगतात. आणि किंकाळी नसलेला स्लॅशर करता येतो, पण तो फार मुरलेल्या हातांचा खेळ आहे. पहिल्या चित्रपटात नको.

दुसरी, जागा बदला. मढचे बंगले आहेत, कर्जतकडची फार्महाउसं आहेत, गोरेगावची चित्रनगरी आहे. तिथे कोणी ऐकणार नाही हे पटतं. पण भाडं, गाड्या, राहणं-जेवण, आणि मुख्य म्हणजे कॉलेज हातचं जातं. माळरानावरच्या बंगल्यातले खून मराठीत-हिंदीत चिकार झालेत. प्रेक्षकाने आपापल्या कॉलेजचा जिना आठवून घाबरावं हाच तर या चित्रपटाचा माल होता.

तिसरी वाट सगळ्यांना मोहात पाडते: दिवाळी आहेच, तर फटाक्यांच्या आवाजात किंकाळी बुडवा. कागदावर झकास. पण मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये दिवाळीच्या तोंडावर फटाक्यांना रात्री ८ ते १० एवढीच वेळ दिली. म्हणजे खुन्यालाही दहाच्या आत उरकायला हवं! गंमत सोडा, तरी आवाजाच्या अंगाने ही वाट चुकीचीच आहे. भीती शांततेतून उभी करायची असते. सतत धडामधुडूम चालू असेल तर दाराची कडी वाजली काय नि न वाजली काय.

चौथी वाट युनिटच्या अंगणातच होती. ही सगळी मंडळी एकांकिकावाली. मुंबईत कॉलेजच्या इमारतीत रात्री उशिरापर्यंत कोण असतं, तर एकांकिकेची टीम. डिसेंबर-जानेवारीच्या स्पर्धा जवळ आल्या की दिवाळीच्या सुट्टीतही तालमी चालतात. २५ जानेवारीला रात्रभर रंगणाऱ्या ‘सवाई’ एकांकिका स्पर्धेपर्यंत पोचायचं स्वप्न पाहणाऱ्या पोरांना सुट्टी-बिट्टी माहीत नसते. आणि तालमीत काय होतं? आरडाओरडा. एकच किंकाळी पन्नास वेळा. वॉचमनला सवय झालेली, समोरच्या सोसायटीला सवय झालेली, सोसायटीचे सेक्रेटरी तक्रारी लिहून-लिहून थकलेले. लांडगा आला रे आला!

माझ्या मते इथे संहिता पहिल्यांदा मुंबईची झाली. अमेरिकन चित्रपटात कोणी येत नाही, कारण ऐकायला कोणी नसतं. इथे शंभर जण ऐकतात आणि टीव्हीचा आवाज वाढवतात.

फेरलेखन

दोन रात्री शूटिंग बंद ठेवून लेखक आणि दिग्दर्शक कँटीनमध्ये बसले. उरल्या आठ. पार्टीचा प्रसंग गेला, त्याबरोबर ४० ज्युनियर आर्टिस्ट आणि त्यांचं जेवण गेलं, ही बचत अनपेक्षित. तालमीचा धागा आल्यावर एकेक गोष्ट आपोआप जागेवर बसत गेली.

खुन्याचा पोशाख घ्या. आधी ऑनलाइन मागवलेला एक मुखवटा होता, कुठल्याही हॅलोवीन पार्टीत दिसेल असा. नव्या संहितेत खुनी आपादमस्तक काळ्या कपड्यांत आला. बॅकस्टेजची पोरं ब्लॅकआउटमध्ये नेपथ्य हलवताना घालतात तसे कपडे, डोक्याला काळं फडकं. रंगमंचावर काळे कपडे घातलेल्या माणसाकडे पाहायचं नाही, असा अलिखित करार असतो. तो कोपऱ्यात उभा असतो आणि सगळे त्याला न पाहता बोलत राहतात. खर्च शून्य, आणि मुखवट्यापेक्षा दहापट जास्त अस्वस्थ करणारं. हत्यारही नेपथ्याच्या पेटीतलं: सुताराची पटाशी. जवळच्या शॉटसाठी रबराची, लांबून लाकडाची रंगवलेली. खरी पटाशी युनिटमध्ये ठेवायचीच नाही, हा नियम कला-दिग्दर्शिकेने लावला आणि पाळायला लावला.

सगळ्यात भारी म्हणजे पोलिसांचा प्रसंग जसाच्या तसा चित्रपटात आला. पहिल्या खऱ्या किंकाळीला पोलीस येतात. टीम म्हणते, “साहेब, तालीम चालू आहे.” मागे नेपथ्याला हात लावून काळ्या कपड्यांतली चार पोरं उभी आहेत. चार की पाच, हे मोजायला प्रेक्षकाला जेमतेम वेळ मिळतो. पोलीस दम देऊन जातात. यानंतर त्या इमारतीत कितीही ओरडलं तरी कोणी येणार नाही, हे सांगायला एकही संवाद लागत नाही.

आवाज, खिडक्या, रक्त

सेटवर रात्री किंकाळ्या बंद. नटांनी फक्त तोंड उघडायचं, गळ्याच्या शिरा ताणायच्या, आवाज नाही. डबिंगच्या खोलीत घेतलेली किंकाळी कोरडी लागते, जिन्याचा घुमारा तिला येत नाही. म्हणून साउंड रेकॉर्डिस्टने ट्रस्टला विचारून, ऑफिस बंद असलेल्या एका सकाळी अकरा वाजता त्याच जिन्यात दोन माइक लावून सगळ्या किंकाळ्या एकापाठोपाठ रेकॉर्ड करून घेतल्या. आदल्या दिवशी बी विंगच्या लिफ्टमध्ये चिठ्ठी लावली: उद्या ११ ते १२ शूटिंगचा आवाज येईल, घाबरू नये. एकही फोन गेला नाही. संवादांचे प्रसंग रात्री एक ते चारमध्ये लावले, कारण शेवटची लोकल गेल्यापासून पहिली सुटेपर्यंतच रुळांकडून शांतता मिळते. मधेच लांब पल्ल्याची एखादी गाडी जाते, तेव्हा थांबायचं. पॅकअप पहाटे पाचला, म्हणजे बऱ्याच जणांना पहाटेच्या लोकलने जाता येतं आणि कन्व्हेयन्सचे पैसे वाचतात.

खिडक्यांचं प्रकरण मला विशेष आवडतं. सुरुवातीला कॅमेरामन समोरच्या सोसायटीचे दिवे लपवायला प्रत्येक खिडकीला काळा कपडा लावत होता. सेटिंगवाल्या दादांचा रोज तासभर त्यातच जायचा. नव्या संहितेनंतर त्याने कपडे काढून टाकले. वर्गात अंधार, मुलगी बाकाखाली, आणि तिच्या मागे काचेतून समोरच्या घरांत टीव्हीचा निळा उजेड हलतोय. कोणाची परवानगीविना ओळख पटू नये म्हणून ते दिवे कायम आउट ऑफ फोकस ठेवले. एकाच शॉटमध्ये घर स्पष्ट दिसतं, ते असिस्टंटच्या मावशीचं. मावशी ताट घेऊन खिडकीशी येतात, ओरडणं ऐकतात, “आजपण सुरू झाले का हे!” म्हणतात आणि पडदा ओढतात. मावशींनी एका टेकमध्ये दिलं.

कॉलेजच्या जुन्या चोकवाल्या ट्यूबलाइटनी पहिल्या रात्री त्रास दिला. आपल्याकडचा पुरवठा ५० हर्ट्झचा. सेकंदाला २४ फ्रेम घेताना शटर १/४८ सेकंदावर असलं की प्रकाश पडद्यावर हलका लपलपतो. शटर १/५० वर आणलं की जातो. कॅमेरामनला हे माहीत होतं, घाईत विसरला. एका ट्यूबचं लपलपणं मात्र मुद्दाम तसंच ठेवलं, तेही स्टार्टर ढिला करून, शटरने नव्हे.

रक्ताबद्दल थोडक्यात. लिक्विड ग्लुकोज, खायचा लाल रंग, थोडा कॉफीचा अर्क. कॅमेऱ्यात उत्तम दिसतं. पण ते साखरच असतं. तिसऱ्या सकाळी ऑफिसच्या कॉरिडॉरमध्ये मुंग्यांची रांग लागली आणि शिपाईमामांनी रजिस्ट्रारना बोलावून दाखवली. मोझॅक फरशीच्या सांध्यांत उतरलेला रंग तर निघालाच नाही. ट्रस्टने डिपॉझिटमधून पॉलिशचे पैसे कापले. पुढचे दोन्ही मृत्यू त्यामुळे दाराआड झाले.

प्रमाणपत्र आणि वितरक

दाराआडचे मृत्यू पुढे फायद्यात पडले. या चित्रपटाचा प्रेक्षक अकरावीपासून पुढचा. ‘ए’ प्रमाणपत्र मिळालं की १८ च्या आतली सगळी पोरं गेली, आणि टीव्हीवर तसाच दाखवण्याची वाटही बंद. सिनेमॅटोग्राफ कायद्यातल्या २०२३ च्या सुधारणेनंतर ‘यूए’चे ७+, १३+ आणि १६+ असे तीन भाग झाले आहेत. ‘यूए १६+’ मिळालं तर बारावीतलं पोर मित्रांबरोबर जाऊ शकतं. संकलकाने पटाशी लागण्याचा एकही शॉट ठेवला नाही. उगारलेला हात आणि त्यानंतर समोरच्या खिडकीत बदललेला टीव्हीचा चॅनेल, एवढंच. मिळालं ‘यूए १६+’च.

वितरकाचा आक्षेप वेगळा. “भूत नाही? मग मराठीत बघणार कोण?” आक्षेप अगदीच पोकळ नाही. मराठी प्रेक्षकाची भीती ‘झपाटलेला’च्या बाहुल्यापासून ‘लपाछपी’तल्या उसाच्या शेतापर्यंत बहुतेक वेळा अतृप्त आत्म्यांभोवती फिरत आली आहे. पण माणसाची भीती आपल्याला परकी आहे हे मला पटत नाही. मुंबईने साठच्या दशकात रामन राघव या खुन्याची दहशत पाहिली. पुण्यात १९७६-७७ मध्ये जोशी-अभ्यंकर खून झाले, ते करणारे कला महाविद्यालयात शिकणारे विद्यार्थी होते, आणि त्या काळी लोकांनी संध्याकाळी दारं लावून घेतली होती. ज्यांच्या आईवडिलांनी ते दिवस पाहिलेत, त्यांना कॉलेजातला खुनी सांगून पटवावा लागत नाही. वितरक याने पटला नाही. मावशींचा शॉट दाखवल्यावर पटला.

दोन ठिकाणी माझं या मंडळींशी जमत नाही. एक, खुन्याचं कारण. टीममधून काढून टाकलेला मुलगा, ठीक आहे. पण त्यासाठी आठ मिनिटांचा फ्लॅशबॅक? तालमीच्या वहीत त्याच्या नावावर मारलेली एक रेघ पुरली असती. लेखकाला ते नाटक मनापासून लिहायचं होतं, आणि स्लॅशरपटात लेखकाचा जीव रमला की प्रेक्षकाचा उडतो.

दुसरं, हवालदार. खऱ्या हवालदारांनी सगळं नेमकं केलं होतं: कागद तपासला, मुलीला बाजूला घेऊन विचारलं, आईशी बोलणं होईपर्यंत थांबले. चित्रपटात तेच पात्र वडापाव खाणारं विनोदी ध्यान झालं. माझं म्हणणं, त्याला शहाणाच ठेवा. शहाणा माणूस सगळं तपासून निघून जातो आणि तरी त्याच्या पाठीमागे पाचवा काळा पोशाख उभा असतो, यात जास्त भीती आहे. दिग्दर्शकाचं म्हणणं, चाळीस मिनिटं ताण दिल्यावर एकदा हसायला द्यावंच लागतं, नाहीतर थिएटर नको तिथे हसतं. पहिल्या खासगी खेळात प्रेक्षक हसले खरे, पण हशा ओसरून पुन्हा शांतता यायला पुढचा अख्खा प्रसंग गेला. संकलकाने तडजोड केली. वडापाव गेला, तीनपैकी दोन विनोद गेले. जाता जाता हवालदार टीमला विचारतो, “नाटकात पोलिसाचं काम आहे का?” हा एक राहिला. मला तोही नको होता. थिएटरात सगळ्यात मोठा हशा त्यालाच येतो.